जुन्या गेमबॉय ॲडव्हान्सवर 'कॅसलव्हेनिया: सर्कल ऑफ द मून' घेण्यासारखा आहे का?

दापोलीत जुना गेमबॉय ॲडव्हान्स (निन्टेंडोचं हातात धरून गेम खेळायचं यंत्र) हाती लागलाय, त्यावर हा ड्रॅक्युलाच्या किल्ल्यात चाबकानं लढायचा गेम कसा वाटेल, असं तुम्ही विचारलंय. जरूर घ्या. फक्त आधी स्क्रीनचा विचार करा.

मूळ गेमबॉय ॲडव्हान्सच्या स्क्रीनला स्वतःचा दिवा नाही, बाहेरून उजेड पडेल तेवढंच दिसतं. त्यात २००१ चा हा गेम सगळा काळोखातला: भुयारं, करड्या भिंती, त्यावर करडे सांगाडे. दुपारी ओटीवर बसलात तर मस्त दिसेल. आषाढात मात्र बाहेर पाऊस कोसळतोय आणि माजघरात एकच बल्ब, अशा वेळी अंगावर येणारं हाड लागल्यावरच कळतं. याच यंत्राचं पुढचं, स्क्रीनला दिवा असलेलं मॉडेल, म्हणजे 'एसपी', मिळालं तर ते घ्या. याच मालिकेतल्या २००२ च्या 'हार्मनी ऑफ डिसोनन्स'मध्ये रंग उजळ आहेत, पण संगीत फिकं. 'सर्कल'चं संगीत भरदार आहे, हेडफोन लावूनच ऐका.

गेमचा जीव आहे कार्डांत. दोन प्रकारची १०-१० कार्डं, प्रत्येकातलं एक घेऊन जोडी लावायची, म्हणजे १०० जोड्या. मर्क्युरी आणि सॅलमँडर ही कार्डं निवडून एल बटण दाबलं की चाबूक पेटतो. सॅलमँडरऐवजी सर्पंट घेतलं की तोच चाबूक बर्फाचा होतो.

आणि खरी खोटही इथंच आहे. कार्डं ठरावीक शत्रूंकडूनच, तीही नशिबानं पडतात, आणि कुणाकडे काय आहे हे गेम सांगत नाही. त्यामुळे कित्येकांचा अर्धा गेम मोजक्या जोड्यांवरच निघतो. उपाय: लक वाढवणारी वस्तू घाला, शत्रू मारा, खोलीबाहेर जाऊन परत या, तो पुन्हा उभा असतो. पंधरा मिनिटांत पडलं नाही तर पुढे सरका. नव्या यंत्रांसाठी हे जुने गेम एकत्र आणणाऱ्या २०२१ च्या 'ॲडव्हान्स कलेक्शन'मध्ये कार्ड असलेल्या शत्रूची सूचना स्क्रीनवर येते. चूक झाली तर गेम थोडा मागेही नेता येतो.

धावायला दर वेळी दिशेचं बटण दोनदा दाबावं लागतं. एक टिचकी चुकली की उडी तोकडी पडते. दुकान नाही, त्यामुळे जादा चिलखतं नुसती साठत जातात.

खाऱ्या हवेनं कार्ट्रिजच्या (यंत्रात खोचायच्या गेमच्या डबीच्या) धातूच्या पट्ट्या काळवंडतात. गेम सुरू झाला नाही तर तोंडानं फुंकू नका, वाफेनं आणखी गंज धरतो. कापसाच्या काडीला आयसोप्रोपिल अल्कोहोल लावून पुसा, पूर्ण सुकू द्या, मग लावा. एरवी डब्यात सिलिका जेलची पुडी ठेवा.