कोसहून बोद्रुमला एका दिवसात: २४० युरोंचा हिशोब कुठे चुकतोय

ताई, नमस्कार.

तुमचं पत्र दोनदा वाचलं. मला नीट कळलंय का ते आधी बघा. सप्टेंबरच्या शेवटी तुम्ही, मिस्टर, दहा वर्षांची मुलगी आणि सासरे असे चौघं ग्रीसला चाललाय, त्यातले पाच दिवस कोस बेटावर, आणि तिथून समोर दिसणाऱ्या तुर्कीत, म्हणजे बोद्रुमला, सकाळच्या फेरीबोटीने जाऊन संध्याकाळी परत यायचं मनात आहे. फेरीचे चौघांचे १४० युरो, वर खाण्याफिरण्याला १००, आणि हे २४० तुम्ही अडीअडचणीला म्हणून बाजूला ठेवलेल्या ६०० युरोंतून काढणार. परवडेल का, एवढाच प्रश्न. आणि अगदी शेवटी, जाता जाता लिहिल्यासारखं एक वाक्य, की "व्हिसा सिंगल एंट्री आलाय पण मिस्टर म्हणतात एका दिवसाचाच प्रश्न आहे, कोण बघतंय."

अहो, पत्रातलं सगळ्यात महाग वाक्य तेच आहे.

पासपोर्ट काढा आणि व्हिसाच्या स्टिकरवर एंट्रीजचा रकाना बघा. तिथे ०१ असेल तर शेंगेन भागात, म्हणजे एकाच व्हिसावर फिरता येणाऱ्या युरोपातल्या देशांच्या गटात, एकदाच शिरता येतं, ०२ असेल तर दोनदा, आणि एमयूएलटी अशी अक्षरं असतील तर मुदत संपेपर्यंत कितीही वेळा. तुम्ही अथेन्सला उतरलात की तुमची एक एंट्री तिथेच वापरली जाते. अथेन्सहून कोसला जाणं हा देशातल्या देशातला प्रवास, त्याला काही नाही. पण कोसच्या बंदरातून बोद्रुमच्या फेरीत बसलात की तुम्ही नुसतं ग्रीस नाही तर अख्खं शेंगेन सोडलंत, आणि व्हिसाच्या तारखा पुढच्या आठवड्यापर्यंत असल्या तरी तो संपला. पंधरा मिनिटांसाठी जा नाहीतर पंधरा दिवसांसाठी, फरक पडत नाही.

आणि "कोण बघतंय" याचं उत्तर असं की आता मशीन बघतं. १२ ऑक्टोबर २०२५ पासून युरोपात एंट्री-एक्झिट सिस्टिम टप्प्याटप्प्याने सुरू झाली, पासपोर्टवर शिक्का मारायच्या जागी आपल्यासारख्या बाहेरच्या लोकांचं येणंजाणं चेहऱ्याच्या फोटोसकट कॉम्प्युटरवर नोंदवलं जातं. शिवाय बोद्रुमच्या बाजूला बोट कंपनीची माणसंच पासपोर्ट तपासतात, कारण ग्रीसने तुम्हाला आत घेतलं नाही तर परत आणून सोडायची जबाबदारी त्यांच्यावर येते, म्हणजे तुम्हाला चढू न देण्यात त्यांचाही पैशाचाच हिशोब आहे.

तुम्ही लिहिलंय की कुठेतरी वाचलं बेटांवर बंदरातच व्हिसा देतात. देतात, पण तुर्की नागरिकांना. २०२४ मध्ये सुरू झालेली ती सोय आहे, कोस, रोड्स, सामोस वगैरे ठराविक बेटांसाठी, सात दिवसांची. भारतीय पासपोर्टला त्याचा काही उपयोग नाही.

आता समजा गेलात आणि अडकलात. संध्याकाळचे पाच, तुम्ही चौघं बोद्रुमच्या बंदरात एका बॅकपॅकसह, चार बॅगा कोसच्या हॉटेलात, सासऱ्यांच्या बीपीच्या गोळ्या बहुतेक त्या बॅगांमध्ये, आणि परतीची विमानं अथेन्सहून. तिथून घरी यायची चार नवीन तिकिटं, ती पण ऐन वेळची, मधली हॉटेलं, कोसहून बॅगा मागवायचा खर्च, आणि अथेन्सची तिकिटं गेली ती गेलीच कारण विमान तुम्ही चुकवलंत. याचा आकडा मी देत नाही, तुमच्या मूळ विमान तिकिटांचा आकडा समोर ठेवा आणि तो परत एकदा भरायचा आहे असं धरा. मग १४० युरोंची फेरी स्वस्त वाटते का बघा. पुढच्या वेळी व्हिसा मागताना ही नोंद तुमच्या नावावर असेल ते वेगळंच.

तेव्हा सिंगल एंट्रीवर जायचं नाही, यावर माझ्या मनात जराही चलबिचल नाही. पुढचं सगळं "मग काय करता येईल" याबद्दल आहे.

पहिला मार्ग तुम्हीच सुचवलाय, व्हिसा बदलून मल्टिपल करून घ्यायचा. तो स्पेलिंग दुरुस्त केल्यासारखा बदलून मिळत नाही हो, नव्याने अर्ज करावा लागतो. फी मोठ्या माणसाला ९० युरो, सहा ते बारा वर्षांमधल्या मुलाला ४५, म्हणजे तुमच्या घराचे ३१५ युरो, वर अर्ज घेणाऱ्या सेंटरचा सर्व्हिस चार्ज, आणि तरीही मल्टिपलच मिळेल याची हमी नाही. १४० युरोच्या फेरीसाठी ३१५ ची फी, हे मी कुठल्याच क्लायंटला करू देणार नाही.

दुसरा मार्ग खरोखर चांगला आहे पण तुम्हाला उशीर झालाय का ते बघावं लागेल. तुर्की मधे न घालता शेवटी घालायचं. म्हणजे अथेन्स, मग कोस, मग कोसहून बोद्रुमची एकेरी फेरी, आणि घरी परत तुर्कीतूनच, बोद्रुमचा विमानतळ आहे किंवा इस्तंबूल. एकदा आत, एकदा बाहेर, सिंगल एंट्रीला धक्का लागत नाही. याला तिकीटवाले ओपन जॉ म्हणतात, उतरायचं एका शहरात आणि निघायचं दुसऱ्या, आणि सुरुवातीलाच असं बुक केलं तर बरेचदा साध्या रिटर्नपेक्षा फार फरक पडत नाही. पण तुमची रिटर्न तिकिटं काढून झालीयेत. एजंटला एक फोन करून चौघांच्या बदलाचा एकूण खर्च विचारा, नुसती चेंज फी नाही, भाड्यातला फरक धरून. माझा अंदाजपंचे नियम असा की माणशी ५० युरोच्या आत बसलं तर करावं आणि तेही तुर्कीला निदान तीन दिवस देऊन, एका दिवसासाठी नाही. त्याच्या वर गेलं तर सोडून द्या, तुर्की कुठे पळून जात नाही.

तुर्कीचा व्हिसा हा आणखी एक कोपरा. भारतीयांना त्यांचा ई-व्हिसा मिळतो पण हातात शेंगेन, अमेरिका, ब्रिटन किंवा आयर्लंडचा चालू व्हिसा किंवा रेसिडन्स परमिट असेल तरच, आणि तो ३० दिवसांचा, सिंगल एंट्री. तुमची शेंगेनची एकच एंट्री वापरून तुम्ही बाहेर पडत असाल तर तो व्हिसा आधार म्हणून चालेल का, हे तिकिटं बदलायच्या आधी तुर्कीच्या वकिलातीकडून ईमेलवर लेखी घ्या, एजंटच्या तोंडी "हो हो चालतं"वर जाऊ नका. आणि ई-व्हिसा प्रत्येक डोक्याला वेगळा, मुलीलासुद्धा, एका दिवसासाठीसुद्धा. तुमच्या २४० मध्ये हा आकडा धरलेलाच नाही.

बरं, धरलेले नाहीत असे अजून बरेच आकडे आहेत, आणि हे मी मुद्दाम सविस्तर लिहितोय कारण उद्या तुमच्याकडे मल्टिपल व्हिसा असला तरी हे लागणारच. फेरीच्या जाहिरातीतला भाव पोर्ट टॅक्स धरून आहे का ते विचारा. त्याच दिवशी परत यायचं तिकीट आणि पुढे कधीही परत यायचं तिकीट यांचे भाव वेगळे असतात, चुकून दुसरं काढू नका. बोद्रुमचा किल्ला बघायचा म्हणताय, तर तुर्कीतल्या मोठ्या म्युझियम्सची परदेशी लोकांसाठीची तिकिटं आता युरोत ठरवतात, त्यामुळे "तिकडे सगळं लिरात, स्वस्त" हे जुनं झालं. २०२२ च्या ऑक्टोबरात तिथली वार्षिक महागाई ८५ टक्क्यांच्या वर गेली होती, त्यानंतर टुरिस्ट गावांतल्या मेन्यूकार्डांनी जे रूप घेतलं ते बघितलेल्याला विचारा. बोद्रुम तर तिथल्याही श्रीमंत लोकांचं सुट्टीचं गाव आहे. खाण्याफिरण्याचे १०० म्हणजे चौघांचं एक जेवण, एक टॅक्सी आणि सासऱ्यांचे दोन चहा, दुप्पट धरून चाला.

कार्डाचं एक सांगतो, स्वतः फसलेला माणूस आहे म्हणून. बाहेरच्या देशात एका दुकानात मशीनवर दोन आकडे आले, एक तिथल्या चलनात, एक रुपयात, आणि मी आपला रुपया ओळखीचा म्हणून रुपयावर बोट ठेवलं. घरी येऊन स्टेटमेंट बघितलं तर तेवढ्याच खरेदीला त्या दिवशीच्या बँकेच्या रेटपेक्षा कितीतरी जास्त कापले होते, आणि मी दिवसभर लोकांना पैशाचे सल्ले देतो! तेव्हा मशीनने विचारलं तर लिरा, कायम लिरा. आणि रोख लिरा थोडेच घ्या, उरलेले कोसला परत आल्यावर बदलायला गेलात तर जो भाव मिळेल त्यात नुसती चिडचिड होईल.

फोनचंही तसंच. युरोपचं सिम किंवा ईसिम तुर्कीत चालेलच असं नाही, प्लॅनमध्ये तुर्कीचं नाव शोधा. गंमत म्हणजे कोसच्या किनाऱ्यावर बसल्या बसल्याही फोन समोरचं तुर्की नेटवर्क पकडतो, तुम्ही कुठेही न जाता रोमिंग लागतं, तेव्हा नेटवर्क ऑटोमॅटिकवर ठेवू नका. आणि इन्शुरन्स. व्हिसासाठी जी ३०,००० युरो कव्हरची पॉलिसी काढलीय ती बरेचदा फक्त शेंगेन देशांपुरती असते. "युरोप" लिहिलेलं असलं तरी बोद्रुम आशियाच्या बाजूला आहे, पॉलिसीत तुर्की हे नाव स्पष्ट दिसलं पाहिजे. सासरे बरोबर आहेत म्हणून हे जास्त सांगतोय.

वेळेचा हिशोब पण पैशाचाच समजा. कोस गाव ते बोद्रुम पाणी साधारण २० किलोमीटर, बोटीप्रमाणे अर्धा पाऊण तास. पण निघायच्या आधी बंदरात लवकर पोचा, इकडची रांग, तिकडची रांग, संध्याकाळी परत दोन्ही रांगा, आता फोटो वगैरे काढायचे म्हणून अजून हळू. साडेनऊची बोट आणि पाचची परत धरली तरी बोद्रुममध्ये मोकळे हातात चार साडेचार तास. कोसच्या हॉटेलचे त्या दिवसाचे पैसे तुम्ही भरलेलेच आहेत, गाडी भाड्याने घेतली असेल तर ती पण पार्किंगमध्ये उभी राहून मीटर चालू. आणि इथल्या एजियन समुद्रात वारा सुटला की फेऱ्या रद्द होतात, मेल्टेमी नावाच्या उन्हाळी वाऱ्याचा जोर जुलै-ऑगस्टात असतो, सप्टेंबरअखेर बरं असतं, तरी ज्याच्या दुसऱ्या दिवशी विमान आहे त्या दिवशी सीमा ओलांडायची नाही एवढं पाळा.

आता त्या ६०० युरोंबद्दल, कारण माझ्या मते खरी चूक तिथे आहे. अडीअडचणीचे पैसे म्हणजे पाकीट हरवलं, मुलीला ताप आला, बोट चुकली, त्यासाठी. त्यातले २४० काढून तुम्ही असं काहीतरी विकत घेताय ज्यात अडचणीत सापडायची शक्यता सगळ्यात जास्त आहे, आणि सापडलात त्या क्षणी हातात ३६० उरतात. हौस असेल तर हौसेच्या खात्यातून काढा, एखादं महागडं जेवण कमी करा, खरेदी कमी करा, पण या पाकिटाला हात लावू नका. ते न वापरता परत आलं तर वाया गेलं असं समजू नका, घरी आल्यावर पुढच्या ट्रिपच्या खात्यात टाका.

खरेदीवरून आठवलं, बोद्रुमच्या बाजारातून चीज किंवा मांसाचं काही आणायचा विचार करणारे असतात, ते युरोपियन युनियनमध्ये बाहेरून आणायला बंदी आहे, बंदरातच टाकून देतात. समुद्रामार्गे बाकीच्या वस्तूंची ड्यूटीशिवायची मर्यादा माणशी ४३० युरो. नकली ब्रँडच्या बॅगा तर घेऊच नका.

मल्टिपल एंट्री असती तर मी "जा" म्हणालो असतो का? असतो, पण कोसहून नाही, सामोसहून. सामोसहून समोरचं तुर्कीतलं कुशादासी आणि तिथून जवळ इफेसस या प्राचीन शहराचे अवशेष, तिथे चार तासांचं चीज होतं. बोद्रुमचा किल्ला सेंट जॉनच्या सरदारांनी, म्हणजे ख्रिस्ती लढवय्यांच्या एका पंथाने, बांधला, पंधराव्या शतकाच्या सुरुवातीला, आत बुडालेल्या जहाजांचं म्युझियम सुंदर आहे यात वाद नाही. पण त्याच सरदारांचा दुसरा किल्ला कोसच्या बंदराला लागूनच उभा आहे. हॅलिकार्नाससची, म्हणजे जुन्या बोद्रुमची, जी समाधी सात आश्चर्यांत होती ती बघायला म्हणून सासऱ्यांना न्याल तर तिथे पाया आणि थोडे दगड उरलेत, बरेचसे दगड किल्ल्यात गेले आणि चांगली शिल्पं लंडनला.

पुढच्या खेपेला अर्ज करतानाच मल्टिपल मागा आणि कव्हरिंग लेटरमध्ये फेरीचा दिवस लिहा. आणि हा व्हिसा नीट वापरून, वेळेत परत येऊन जपा, कारण एप्रिल २०२४ पासून भारतीयांसाठी नियम असा आहे की आधीच्या तीन वर्षांत दोन व्हिसा घेऊन नियमात वापरले असतील तर दोन वर्षांचा मल्टिपल मिळू शकतो आणि त्यानंतर पाच वर्षांचा. मिस्टरांना पटवायला हा मुद्दा वापरा, "कोण बघतंय"वाल्यांना पुढचा फायदा दाखवला की लवकर पटतं.

या वेळेला त्या दिवशी निसिरोसला जा. तेही बेटच, तीही बोटच, कोस गावातून किंवा दक्षिणेच्या कार्दामेनाहून निघते, पण ग्रीसमध्येच असल्यामुळे व्हिसा नाही, लिरा नाही, इन्शुरन्सची शोधाशोध नाही. मांद्राकी बंदरात उतरलं की बस वर ज्वालामुखीच्या खोलगटात नेते, आणि स्टेफानोस नावाच्या विवरात मुलगी अगदी तळापर्यंत चालत जाऊ शकते. सासऱ्यांचे गुडघे दुखत असतील तर ते वर कॅफेत बसून सगळं बघतील. तिला मात्र जाड तळव्याचे बंद बूट घाला, खाली जमीन चांगलीच गरम असते आणि गंधकाचा वास कपड्यांना संध्याकाळपर्यंत येत राहतो.