‘लघुचित्र’ हा शब्दच मुळात चुकला आहे

प्रश्न असा आला आहे: लाहोरला शिकून अमेरिकेत स्थायिक झालेल्या चित्रकर्त्री शाहझिया सिकंदर यांच्याविषयी वाचताना कुठे ‘लघुचित्र’ दिसतं, कुठे ‘लघुचित्रण’, यातलं बरोबर कोणतं? चित्राला लघुचित्र म्हणतात, ते काढण्याला लघुचित्रण. संपलं. माझं भांडण आहे ते त्यातल्या ‘लघु’शी.

लघुचित्र हे इंग्रजी ‘मिनिएचर’चं भाषांतर; मोगल-राजपूत पोथ्यांत दिसतात तशा बारीक कामाच्या चित्रांसाठी वापरलेलं. ‘आकार लहान, म्हणून मिनिएचर’ हे स्पष्टीकरण इतक्यांदा ऐकलं आहे की आता ऐकवत नाही. मिनिएचर आलं लॅटिन ‘मिनियम’वरून, आणि मिनियम म्हणजे चक्क शेंदूर! तेलात कालवून आपण मारुतीला लावतो तो, शिशापासून केलेला नारिंगी-तांबडा रंग. युरोपातल्या हस्तलिखितांत मथळे आणि आद्याक्षरं या रंगाने रंगवत. त्या रंगवण्याला ‘मिनियारे’ म्हणत, त्यावरून इटालियन ‘मिनियातुरा’. पोथीतली चित्रं बेताचीच असायची, म्हणून अर्थ पुढे लहानपणाकडे घसरला. ‘मिनी’ तर फार नंतर मिनिएचरमधूनच तोडून घेतलं. म्हणजे मिनीबसच्या मुळाशीसुद्धा शेंदूरच आहे!

आकाराचंच म्हणाल तर अकबराच्या चित्रशाळेतल्या हमझानाम्याची, म्हणजे हमझाच्या साहसकथांच्या सचित्र पोथीची, कापडी पानं दोन फुटांहून उंच आहेत. सिकंदर यांनी विद्यार्थिदशेत वसलीवर, म्हणजे थरावर थर चिकटवून घोटलेल्या कागदावर, केलेलं ‘द स्क्रोल’ पाच फुटांहून लांब आहे. प्रिन्स्टन विद्यापीठातलं त्यांचं काचेचं मोझेइक साठ फुटांच्या वर जातं. लिव्हरपूलजवळ राहणाऱ्या अमृत आणि रबिंद्र कौर सिंग या जुळ्या बहिणींनी २०१८ साली वॉकर आर्ट गॅलरीत कापूस-निळीच्या व्यापाराचा वसाहती इतिहास याच शैलीत मांडला, तो मागून प्रकाश सोडलेल्या मोठाल्या कापडी फलकांवर. यात लघु काय आहे?

‘रूढ झालं ते शुद्ध’ असं म्हणून कोशकार मंडळी हात झटकतात. मला ते मान्य नाही. मराठीत लघु म्हणजे नुसतं लहान नव्हे. हलकं, कमी प्रतीचंही. सिंग भगिनींना कलाशिक्षणाच्या काळात शिक्षकांनी ही शैली कालबाह्य म्हणून सोडायला सांगितलं होतं, तरी त्यांनी ती सोडली नाही. त्यांच्या कामाला आपणच ‘लघु’ म्हणावं?

शब्द घरात आहे: तसबीर. ‘आईन-इ-अकबरी’त अबुल फझल या कलेला ‘तस्वीर’च म्हणतो. अरबीत त्या धातूचा अर्थ रूप देणं, आणि चित्रकार तो ‘मुसव्विर’. आपल्याकडे ‘व’चा ‘ब’ झाला, इतकंच. माझा तर्क असा की हा शब्द मराठीत दिल्लीहून नाही, अहमदनगरहून आला. तिथे निजामशाहीत १५६५च्या सुमारास ‘तारीफ-इ-हुसेनशाही’ या हुसेन निजामशहाच्या स्तुतिपर फारसी काव्याची सचित्र पोथी तयार झाली; ती आज पुण्यात भारत इतिहास संशोधक मंडळात आहे. दरबारात फारसी, कारभारात मराठी माणसं. शब्द तोंडी बसायला आणखी काय हवं? मोगलांकडून आला म्हणणाऱ्यांनी आधी ती पोथी पाहावी.

तसबीर म्हणजे भिंतीवरचा हार घातलेला फोटो, असा आक्षेप येईल. तो अर्थ नंतरचा, चौकटीमुळे चिकटलेला. पोथीतल्या चित्राला हवं तर पोथीचित्र म्हणा. सिकंदर आणि सिंग भगिनींच्या कामाला मात्र तसबीरच. शब्द स्त्रीलिंगी आहे, आणि अनेकवचन ‘तसबिरी’. ‘तसबीरी’ नव्हे.