आधी कागद, मग कॅमेरा

प्रिय मुली,

जवानांसमोर कार्यक्रम करायचा तर तयारी कशी करू, आणि त्याचा मॉडेलिंगला फायदा होईल का, असं विचारलंस. हॉलीवूडची नटी मेरिलिन मन्रो हिचा कोरियाचा दौरा अभ्यास. फोटो सगळ्यांनी पाहिलेत, कामाचा तपशील फार थोड्यांनी.

16 ते 19 फेब्रुवारी 1954. चार दिवसांत दहा कार्यक्रम, एक लाखाहून जास्त अमेरिकी सैनिक. म्हणजे दिवसाला दोन-तीन, तेही कडाक्याच्या थंडीत, उघड्या मंचावर, बारीक पट्ट्यांच्या जांभळ्या सिक्विनच्या ड्रेसमध्ये. फोटो झकास आले. बाई जपानला परतली ती न्यूमोनिया घेऊन. तू ही हौस करू नकोस. ड्रेसखाली अंगाच्या रंगाचे थर्मल घाल. मंचावर जाईपर्यंत जाड कोट काढू नकोस, आणि गाणं संपताच तो घेऊन कोणीतरी विंगेत उभं हवं. कोरड्या गार हवेत घसा बसतो, म्हणून फ्लास्कमध्ये कोमट पाणी ठेव.

तिच्यासोबत पियानोवर सैनिकच होता. तुलाही वादक तिथलाच मिळेल असं धरून चाल. प्रत्येक गाण्याची पट्टी, ताल आणि कुठे थांबायचं ते एका कागदावर लिहून ने, नाहीतर पहिला कार्यक्रम सूर जुळवण्यातच जातो. गाण्यांचे बोल अधिकाऱ्यांना आधीच दाखव. तिच्या एका गाण्याची ओळ त्यांना चावट वाटली आणि शब्द बदलून गावं लागलं.

आता फायद्याचं. ती कोरियात गेली तेव्हा एक चित्रपट नाकारल्यामुळे फॉक्स स्टुडिओने तिला निलंबित केलं होतं. सैनिकांनी डोक्यावर घेतलं, पण निलंबनात पगार नसतो. अशा दौऱ्याकडे कमाई म्हणून बघू नकोस.

कमाईचं घोडं पेंड खातं ते करारावर. 1945 मध्ये ती ब्लू बुक या मॉडेलिंग एजन्सीत गेली. शिकवणीचे शंभर डॉलर तिच्या कामाच्या पैशांतूनच वळते झाले. एजन्सी चालवणाऱ्या एमेलिन स्नाइव्हलीबाईंनी तिला केस सरळ आणि फिके करायला लावलं, कारण फिक्या केसांची छटा प्रकाश कमी-जास्त करून बदलता येते. हसताना वरचा ओठ खाली आणायलाही शिकवलं. ही शिकवणी पैसे वसूल होती. पुढच्या वर्षात मासिकांच्या मुखपृष्ठांवर तिची रांग लागली.

मात्र 1949 मध्ये छायाचित्रकार टॉम केलीसाठी तिने पन्नास डॉलरवर नग्न फोटो दिले आणि कागदावर ‘मोना मन्रो’ अशी सही ठोकली. नाव बदललं, चेहरा कसा बदलणार? 1952 मध्ये बोभाटा झालाच. (पैशांची नड होती, हे तिने सरळ सांगून टाकलं, ते शहाणपणाचं ठरलं.) त्यातलाच एक फोटो ‘प्लेबॉय’च्या डिसेंबर 1953 च्या पहिल्या अंकात छापला गेला. ते मासिक काढणाऱ्या ह्यू हेफ्नरने हक्काचे पाचशे डॉलर मोजले ते हे फोटो छापणाऱ्या कॅलेंडरवाल्यांना, तिला छदामही नाही.

म्हणून रिलीज फॉर्मवर (फोटो वापरायला तू परवानगी देतेस तो कागद) चार गोष्टी लिहून घे: फोटो कशासाठी, किती काळ, कुठल्या देशांत, आणि दुसऱ्याला विकले तर तुझा वाटा किती. ‘सर्व माध्यमांत, कायमस्वरूपी’ असं छापलेलं असेल तर ते खोडून शेजारी दोघांच्या सह्या कर. कॅमेऱ्यासमोर उभं राहण्याआधी. नंतर कोणी ऐकत नाही.

तिला हे उशिरा जमलं. 1955 च्या अखेरीस फॉक्सशी झालेल्या करारात सात वर्षांत चार चित्रपट, प्रत्येकी एक लाख डॉलर, आणि कथा, दिग्दर्शक, छायालेखक यांवर संमतीचा अधिकार मिळाला. तुझ्या एजन्सीचा मसुदा आला की सही न करता इकडे पाठव.

तुझे हितचिंतक