"हे हल्ली हसतच नाहीत"

काकू खुर्चीत टेकायच्या आधीच म्हणाल्या, "ह्यांना डिप्रेशन आलंय. वर्ष झालं, हसत नाहीत. नातवाकडे बघतानासुद्धा चेहरा कोरा." शेजारी काका गप्प. एसटीतून निवृत्त झालेले कंडक्टर. अशी काळजी घेऊन बरेच जण येतात, आणि कित्येकदा ती खरीही ठरते.

मनोवस्था तपासताना आम्ही मानसोपचारतज्ज्ञ दोन नोंदी वेगळ्या ठेवतो. मूड म्हणजे माणूस आपल्या मनाबद्दल सांगतो ते, शक्यतो त्याच्याच शब्दांत. अफेक्ट म्हणजे चेहऱ्यावर, आवाजात, हातवाऱ्यांत आपल्याला दिसतं ते. दोन्हींचा मेळ बसतो का, विषय बदलला की चेहरा बदलतो का, हे पाहायचं. विद्यार्थ्यांना मी हे घोकून घ्यायला लावतो. त्या दिवशी स्वतःच काकांच्या चेहऱ्यावरून मूडपुढे 'उदास' लिहून मोकळा झालो होतो.

मग विचारलं, "काका, मन कसं असतं हल्ली?"

"मजेत."

एवढ्यावर मी थांबत नाही. आपल्याकडे 'बरंय', 'मजेत' हे रामरामासारखं येतं. झोप, भूक, कशात जीव रमतो का, जगणं नकोसं वाटतं का, सगळं विचारलं. झोप ठीक, भूक ठीक, संध्याकाळी नातवाबरोबर कॅरम. "पोरगं सोंगट्या ढापतं. मी हसतो की!" आवाज सपाट, ओठ जेमतेम हलले. पापण्याही क्वचितच लवत होत्या.

फॉर्मवर सही करताना अक्षरं शेवटाकडे बारीक होत गेली. चालताना हात हलतात का, असं काकूंना विचारलं. "उजवा नुसता लोंबतो. आणि दूध करपलं तरी ह्यांना वास नाही!"

'उदास' खोडलं, 'मजेत' लिहिलं आणि न्यूरॉलॉजिस्टकडे चिठ्ठी दिली. पार्किन्सन्स निघाला. ह्या आजारात मेंदूत डोपामिन, म्हणजे हालचालींना लागणारं रसायन, कमी पडतं आणि चेहऱ्याची हालचालही मंदावते. हात थरथरलाच पाहिजे असं नाही. मानसिक आजारांवरच्या काही औषधांनीही चेहरा असा होतो. शिवाय पार्किन्सन्समध्ये खरं डिप्रेशनही पुष्कळांना येतं, म्हणून काकांना दर भेटीत तेच प्रश्न पुन्हा विचारतो.

निदानानंतर काकू म्हणाल्या, "म्हणजे हे माझ्यावर रुसले नव्हते?"

"तुझ्यावर रुसून जेवायला कुठं जाऊ?" काकांचा चेहरा तसाच, दगडी. काकू मात्र खुदकन हसल्या.