कठीण खडकाला घडी कशी पडते, आणि डोंगर नेमका कधी वाढतो?

प्रश्न असा आहे : भूगोलाच्या पुस्तकात भू-हालचालींचे, म्हणजे जमिनीच्या आतल्या हालचालींचे, मंद आणि शीघ्र असे दोन प्रकार असतात, तर डोंगर सावकाश उभे राहतात की भूकंपाने? आणि इतका कठीण खडक मोडायचा सोडून वाकतो कसा?

मी बरीच वर्षं भूगोल शिकवला. मंद-शीघ्र हा तक्ता फळ्यावर लिहिताना दरवेळी खटकायचा. परीक्षेला तो ठीक आहे, पण जमिनीखाली या दोन गोष्टी वेगळ्या नाहीत. रेटा एकच. तो साठत असतो तेव्हा आपण त्याला मंद म्हणतो, सुटतो तेव्हा शीघ्र.

हिमालयच घ्या. भारतीय भूपट्ट, म्हणजे भारत ज्यावर आहे तो पृथ्वीच्या वरच्या थराचा सरकता तुकडा, वर्षाला साधारण ४ ते ५ सेंटिमीटर उत्तरेकडे सरकतो, म्हणजे आपली नखं वाढतात जवळपास त्याच वेगाने. त्यातले २ सेंटिमीटरच्या आसपास हिमालयात जिरतात. हा पट्ट आणि त्याच्या उत्तरेचा पट्ट यांचा सांधा अडकलेला असतो, मागून रेटा चालूच, त्यामुळे खडक दाबला जातो आणि हळूहळू वर फुगतो. शंभर वर्षांत असं २ मीटर सरकणं बाकी राहतं. मग सांधा सुटतो. २५ एप्रिल २०१५ च्या नेपाळच्या भूकंपात काठमांडूचं खोरं सुमारे १ मीटर वर उचललं गेलं. मला मात्र त्याहून विलक्षण वाटतं ते पुढचं : त्याच वेळी उत्तरेकडच्या उंच पर्वतरांगेचा काही भाग अर्ध्या मीटरच्या आसपास खाली बसला! म्हणजे ही उंच रांग वर चढते ती दोन भूकंपांमधल्या शांत काळात, आणि भूकंप त्यातलं काही परत घेतो. उरलेली शिल्लक साधारण ५ कोटी वर्षं जमत आली, म्हणून एव्हरेस्टच्या माथ्यावर आज समुद्रात तयार झालेला चुनखडक आहे.

आता घडीचं. डांबराचा घट्ट गोळा हातोडीने फोडला तर त्याच्या ठिकऱ्या होतात. तोच नुसता ठेवून दिला तर कालांतराने पसरतो. खडकाचंही तसंच. दहा-पंधरा किलोमीटर खोलीवर तापमान ३०० अंशांच्या पुढे जातं, वरून प्रचंड दाब असतो, आणि लाखो वर्षांचा वेळ हाताशी असतो. तिथे खडक वाकतो, वली म्हणजे घडी पडते. वरचा थंड खडक मोडतो, तिथे प्रस्तरभंग होतो. ताण पडला तर मधला भाग खचून खचदरी होते. पूर्व आफ्रिकेतलं टांगानिका सरोवर अशाच दरीत साचलं आहे.

पण भूकवच जमीन फक्त उचलतं किंवा खचवतं. तिला आकार पाणी देतं. १६ जून १८१९ च्या भूकंपात कच्छच्या रणाच्या उत्तर भागात ८० किलोमीटरहून लांब, काही ठिकाणी ६ मीटरपर्यंत उंच असा जमिनीचा कट्टा वर आला. दक्षिणेची जमीन खचली आणि सिंद्रीचा किल्ला पाण्यात गेला. हा कट्टा माणसाने बांधलेला नाही, म्हणून लोकांनी त्याला अल्लाबंद, म्हणजे देवाने घातलेला बांध, म्हटलं. सिंधूच्या एका जुन्या फाट्याची वाट त्याने अडवली होती. १८२६ च्या पुरात पाण्याने तो कापला आणि आपली वाट पुन्हा मोकळी केली. सिंधू आणि सतलज हिमालयात हेच करत आल्या आहेत : डोंगर पात्राखालून वर येत राहिला, आणि त्या त्याला चिरत राहिल्या.