रत्नांसाठी निघण्याआधी

'अ‍ॅटलस' या समुद्री चाच्यांच्या ऑनलाइन गेममध्ये रत्नांसाठी एकाच बेटावर तासन् तास कुदळ मारत बसू नकोस. प्रत्येक बेटावर ठरावीकच खनिजं असतात. उतरशील तिथे काय सापडलं ते वहीत टिपून ठेव. चांगल्या ब्लूप्रिंट (गेममधल्या वस्तू बनवायचे आराखडे) एकाच कच्च्या मालाचे वेगवेगळे प्रकार मागतात, तेव्हा ही वही सोन्यासारखी वाटते. कुदळ धातूचीच ने, आणि दोन ने.

सगळ्यात महत्त्वाचं म्हणजे वजन. जास्त माल भरला की जहाज मंदावतं. माझी अख्खी खेप परतीच्या वाटेवर लुटली गेली, कारण पळायला वेगच उरला नव्हता. म्हणून दोन फेऱ्या कर, पण हावरटपणा नको. अरे हो, गेममधल्या आपल्या पात्राची चारही जीवनसत्त्वं सांभाळ. खाणकामाच्या नादात तेच विसरतं.