मद्याचा देव डायोनिसस हा मूळचा ग्रीक देव की बाहेरून आलेला?

माझ्या मते ग्रीकच, निदान फार जुना ग्रीक. तो थ्रेस (ग्रीसच्या उत्तरेचा प्रदेश) किंवा आशिया मायनरमधून (आजचं तुर्कस्तान) उशिरा आला, असं अभ्यासक बराच काळ मानत. प्राचीन ग्रीक नाटककार युरिपिडीसच्या नाटकातही तो आशियातून ग्रीसमधल्या थीब्ज शहरात येतो. पण आई सेमेली त्याच थीब्जची राजकन्या, म्हणजे परका म्हणून येणारा हा देव खरं तर घरीच परततोय!

१९५२ मध्ये मायकेल व्हेंट्रिसने लिनियर बी ही ग्रीक भाषेची फार जुनी लिपी उलगडली आणि ग्रीसमधल्या पायलॉसच्या मातीच्या पाट्यांवर त्याचं नाव सापडलं. क्रीट बेटावरच्या खानिया इथल्या इ.स.पू. तेराव्या शतकातल्या पाटीवर तर देवांचा राजा झ्यूसला मधाचा एक रांजण आणि डायोनिससला दोन, अशी नोंद आहे. मला हा पुरावा फार मोलाचा वाटतो. नंतर आशिया मायनरमधल्या फ्रिजियाकडचे काही विधी त्याच्या पूजेत मिसळले असतील, पण तेवढ्याने देव परका ठरत नाही.